चित्रफितीची पेटी आणि तिच्यातील प्रवाह

काशीच्या पंचगंगा घाटावर पाच नद्यांचा संगम होतो, अशी श्रद्धा आहे. गंगा, यमुना, सरस्वती, किरणा आणि धूतपापा ही त्या नद्यांची नावे. घाटाच्या पायऱ्यांवर उभ्या राहिलेल्या यात्रेकरूला मात्र एकट्या गंगेचेच पात्र दिसते. उरलेल्या चार नद्या गुप्तरूपाने तिला येऊन मिळतात, असे परंपरा सांगते. कार्तिक महिन्यात ह्या घाटावर उंच वेळूंच्या टोकांना टोपल्या बांधून त्यांत आकाशदिवे लावतात. अहल्याबाई होळकरांच्या नावाशी जोडला गेलेला येथील दगडी दीपस्तंभ कार्तिकी पौर्णिमेच्या रात्री शेकडो ज्योतींनी उजळून निघतो. शेजारच्या दुर्गाघाट व ब्रह्माघाट ह्यांच्या परिसरात मराठी कुटुंबे पिढ्यान् पिढ्या राहत आली आहेत. त्यामुळे महाराष्ट्रातून येणाऱ्या यात्रेकरूंना हा भाग परका वाटत नाही.

काशीयात्रा करून परतणारा मनुष्य पूर्वी गंगाजलाचा गडू घेऊन येत असे. आज गडूबरोबर फोनमध्ये टिपलेली चित्रफीतही येते. तीत दीपोत्सव असतो, घाटावर बसलेली घरची वडीलधारी माणसे असतात, त्यांचे बोलणे असते. परंतु घरी आल्यावर ती चित्रफीत मोठ्या पडद्यावर लावू गेले, तर कधी 'ही फाईल चालत नाही' असा संदेश उमटतो. कधी आवाज ऐकू येतो पण चित्र काळेच राहते. कधी चित्र अडखळत पुढे सरकते. अशा वेळी फाईल बिघडली असे समजून ती पुसून टाकणारे पुष्कळ असतात. वस्तुतः ती पुष्कळदा निकोप असते. न्यून असते ते वाचणाऱ्या यंत्रात. कोठे न्यून आहे हे ओळखावयाचे, तर चित्रफीत आतून कशी रचलेली असते हे प्रथम समजून घ्यावयास हवे.

चिठ्ठी, पेटी आणि संकेत

चित्रफितीच्या नावाच्या अखेरीस एक बिंदू आणि त्यापुढे काही अक्षरे असतात: एमपी४, एव्हीआय, एमओव्ही, एमकेव्ही, ३जीपी इत्यादी. ह्या अक्षरांनाच लोक चित्रफितीचा 'प्रकार' म्हणतात आणि गोंधळाला आरंभ होतो तो येथेच. ही अक्षरे म्हणजे पेटीवर चिकटवलेली चिठ्ठी होय. चिठ्ठीवरून पेटीची घडण कळते. आतील जिन्नस कळत नाही.

ह्या पेटीत सामान्यतः दोन प्रवाह असतात, एक चित्रांचा आणि दुसरा ध्वनीचा. कधी त्यांच्या जोडीला दुसऱ्या भाषेतील ध्वनीचा किंवा पडद्याच्या तळाशी दिसणाऱ्या उपशीर्षकांचा आणखी एखादा प्रवाह असतो. ह्यांखेरीज पेटीत एक सूची असते. कोणते चित्र फाईलमध्ये कोठे ठेवले आहे, ते कोणत्या क्षणी दाखवावयाचे आणि त्या क्षणाचा ध्वनी कोठे सापडेल, हे सारे त्या सूचीत नोंदलेले असते. पंचगंगेप्रमाणे येथेही पाहणाऱ्याला एकच प्रवाह वाहताना दिसतो. परंतु त्यातील एखादा गुप्त प्रवाह खंडित झाला, तर दिसणारा प्रवाहही विस्कळित होतो.

प्रत्येक प्रवाह एका विशिष्ट सांकेतिक पद्धतीने लिहिलेला असतो. त्या पद्धतीने लिहिण्याची आणि लिहिलेले पुन्हा उलगडण्याची जी युक्ती, तिला 'कोडेक' म्हणतात. चित्रांसाठी जुनी एमपीईजी-२, २००३ साली प्रमाणित झालेली एच.२६४, २०१३ सालची एच.२६५ किंवा एचईव्हीसी आणि २०१८ सालची एव्ही१ ह्या पद्धती प्रसिद्ध आहेत. ध्वनीसाठी एमपी३, एएसी, एसी-३ इत्यादी पद्धती वापरतात.

एकाच घडणीच्या पेटीत निरनिराळ्या पद्धतींचे प्रवाह ठेवता येतात. एमपी४ पेटीत एच.२६४ पद्धतीचे चित्र असू शकते, तसेच एच.२६५ पद्धतीचेही असू शकते. म्हणूनच सारख्याच अक्षरांनी संपणाऱ्या दोन फाईलींपैकी एक चालते आणि दुसरी चालत नाही. काही जण अशा वेळी नावाच्या अखेरची अक्षरे बदलून पाहतात. परंतु लोणच्याच्या बरणीवर मुरांब्याची चिठ्ठी लावल्याने लोणचे गोड होत नाही. नाव बदलल्याने आतील संकेत बदलत नाही.

पेट्यांच्या घडणीत विविधता का आली, हेही पाहण्यासारखे आहे. ॲपल कंपनीने १९९१ साली क्विकटाइमची घडण पुढे आणली आणि मायक्रोसॉफ्टने १९९२ साली एव्हीआयची. क्विकटाइमच्या पायावरच पुढे एमपी४ ही आंतरराष्ट्रीय प्रमाण घडण उभी राहिली. २००२ साली मात्रोस्का ह्या प्रकल्पातून एमकेव्ही ही सर्वांना मुक्त असलेली घडण निघाली. एकीच्या पोटात दुसरी अशा रशियन लाकडी बाहुल्यांवरून त्या प्रकल्पाला नाव मिळाले. एका पेटीत अनेक प्रवाह ठेवण्याची सोय त्या नावात चांगली सूचित झाली आहे.

एवढे चित्र एवढ्या जागेत कसे मावते?

संकेतांची ही यातायात कशासाठी, असा प्रश्न वाचकाच्या मनात येईल. त्याचे उत्तर साध्या गुणाकारात आहे. आज सर्वत्र वापरात असलेल्या एका मापाच्या चित्रात आडवे १९२० आणि उभे १०८० चित्रबिंदू असतात; म्हणजे एका चित्रात २०,७३,६०० बिंदू झाले. प्रत्येक बिंदूचा रंग नोंदण्यास ३ बाइट लागतात असे धरले, तर एका चित्राला ६२,२०,८०० बाइट लागतील. सेकंदाला २५ चित्रे दाखवली, तर दर सेकंदाला सुमारे साडेपंधरा कोटी आणि दर मिनिटाला सुमारे ९३३ कोटी बाइट खर्च होतील. उलट, फोनने दर सेकंदाला १ कोटी ७० लक्ष बिट वापरले, तर एक मिनिटाचे चित्रण पावणेतेरा कोटी बाइटांत मावते. आठ बिट म्हणजे एक बाइट, हे येथे लक्षात ठेवावे. नव्वद माणसांच्या पंगतीचे सामान सव्वा माणसाच्या शिध्यात बसवावे, तसा हा प्रकार आहे.

हे साधते ते दोन युक्तींनी. पहिली युक्ती एकाच चित्राच्या आतली आहे. चित्राचे लहान लहान चौकोन पाडतात. उदाहरणार्थ, आडवे ८ आणि उभे ८ बिंदूंचा एक चौकोन. त्या चौकोनातील ६४ बिंदूंची छटा एकेक करून न लिहिता, ठळक व सूक्ष्म अशा ६४ ठरावीक नक्ष्यांपैकी प्रत्येकीचा त्यात किती अंश आहे, हे लिहितात. डोळ्याला सूक्ष्म नक्ष्यांतील बारकावे फारसे जाणवत नाहीत. ते ढोबळपणे नोंदले किंवा गाळले, तरी चित्र ओळखीचेच राहते. ह्या गणिती रीतीचा शोधनिबंध नासिर अहमद, टी. नटराजन व के. आर. राव ह्या तिघांनी १९७४ च्या जानेवारीत प्रसिद्ध केला. नासिर अहमद मूळचे बंगळूरचे. आज जगभर दाखवल्या जाणाऱ्या बहुतेक सर्व चित्रफिती ह्या रीतीच्या किंवा तिच्यापासून निघालेल्या रीतींच्या आधारे लिहिल्या जातात.

दुसरी युक्ती एकापाठोपाठ येणाऱ्या चित्रांमधली आहे. घाटाचे चित्रण चालू असता पायऱ्या जागच्या जागी असतात. वर दिसणारी आलमगीर मशीद आणि नदीकाठची घरे हलत नाहीत. मग ती दर सेकंदाला पंचवीस वेळा नव्याने लिहिण्याचे कारण काय? म्हणून मधूनमधून एक स्वयंपूर्ण चित्र लिहितात आणि त्यापुढच्या चित्रांत केवळ बदल नोंदतात. नाव डावीकडून उजवीकडे सरकली असेल, तर 'हा चौकोन इतका उजवीकडे न्यावा' एवढीच सूचना पुरते. स्वयंपूर्ण चित्राला आधारचित्र म्हणू. पुढील आधारचित्र येईपर्यंत मधली सर्व चित्रे त्याच्यावर अवलंबून असतात. एका ठिकाणचा दोष काही काळ पुढे पसरत का जातो, ह्याचे कारण ह्या अवलंबनात आहे.

दिवे, पाणी आणि अंधार

कार्तिकी रात्रीचे चित्रण हे ह्या दोन्ही युक्तींची कसोटी पाहणारे असते. पायऱ्या स्थिर असल्या, तरी पाण्यावरील प्रकाशाचे तुकडे क्षणोक्षणी मोडतात आणि जुळतात. मागच्या चित्रातील कोणताही चौकोन उचलून पुढे ठेवता येत नाही. शेकडो ज्योती प्रत्येक आपल्या परीने थरथरतात. अशा दृश्याला पुष्कळ बिट लागतात. ते न मिळाले, तर पाण्याच्या जागी चौकोनी ठिगळे दिसू लागतात. काळ्या आकाशात छटांच्या पायऱ्या उमटतात, त्याचेही कारण असेच: अंधारातील सूक्ष्म फरक लिहिण्यास जागा उरलेली नसते. ही ठिगळे म्हणजे फाईलचा बिघाड नव्हे. चित्रण करतानाच झालेली ती काटकसर आहे आणि मागाहून कोणत्याही उपायाने ती भरून निघत नाही. उपाय करावयाचा तो आधीच: फोनमध्ये अधिक दर्जाचे चित्रण निवडावे आणि फोन हातात न डोलवता कठड्यावर टेकून धरावा. सारे दृश्यच हलू लागले, तर स्थिर पायऱ्यांमुळे होणारी बचतही हातची जाते.

अंधाराचा आणखी एक परिणाम आहे. प्रकाश कमी पडला की काही फोन प्रत्येक चित्रासाठी अधिक वेळ घेतात. त्यामुळे सेकंदाला तीस चित्रांऐवजी कधी चोवीस, कधी वीस अशी अनियमित संख्या येते. सूचीत प्रत्येक चित्राची वेळ अचूक नोंदलेली असते. परंतु चित्रांचा वेग सारखाच आहे असे गृहीत धरणाऱ्या काही संपादन-साधनांत चित्र आणि ध्वनी ह्यांची फारकत होते. आरतीच्या आरंभी घंटा व तिचा नाद जुळलेले असतात आणि अखेरीस हात एकीकडे, नाद दुसरीकडे अशी गत होते.

दोषाची परीक्षा

वैद्य ज्याप्रमाणे औषधाआधी नाडी पाहतो, त्याप्रमाणे चित्रफितीच्या बाबतीतही उपायाआधी परीक्षा व्हावी. परीक्षेचे प्रश्न चार आहेत आणि ते पुढील क्रमाने विचारणे सोयीचे ठरते.

पहिला प्रश्न: फाईल पूर्ण आली आहे काय? फोनमधील मूळ फाईलचा आकार आणि नकलेचा आकार ताडून पाहावा. नक्कल लहान असेल, तर ती मध्येच तुटली, पुन्हा करावी. पेनड्राइव्हवर मोठी फाईल मुळीच घेतली जात नसेल, तर तो 'फॅट३२' ह्या जुन्या रचनेचा असण्याचा संभव आहे. त्या रचनेत एका फाईलला ४,२९,४९,६७,२९५ बाइटांची मर्यादा असते. पेनड्राइव्ह 'एक्सफॅट' रचनेचा करून घेतला की ही अडचण दूर होते. मात्र तसे करताना त्यावरील सर्व मजकूर पुसला जातो, म्हणून तो आधी दुसरीकडे उतरवावा, आणि आपल्या दूरदर्शन संचाला ती रचना वाचता येते की नाही, हेही पाहून घ्यावे.

दुसरा प्रश्न: पेटीत काय आहे? मीडियाइन्फो नावाचे विनामूल्य साधन पेटीची घडण, चित्राचा कोडेक, ध्वनीचा कोडेक, चित्राचे माप आणि सेकंदाला किती चित्रे, हे सर्व सांगते. चिठ्ठीवर विसंबून राहण्याचे मग कारण उरत नाही.

तिसरा प्रश्न: आपल्या यंत्राला तो संकेत उलगडता येतो काय? आवाज येतो पण चित्र नाही, अशी अवस्था असेल तर चित्राचा कोडेक यंत्राला अनोळखी आहे. चित्र येते पण आवाज नाही, तर ध्वनीचा. एचईव्हीसी पद्धतीवर पेटंट-हक्कांचे शुल्क असल्याने ती उलगडण्याची सोय प्रत्येक यंत्रात असतेच असे नाही. संगणकावर ह्याचा सोपा उपाय म्हणजे व्हीएलसीसारखे साधन. पॅरिसमधील एका अभियांत्रिकी विद्यालयातील विद्यार्थ्यांच्या प्रकल्पातून ते जन्माला आले आणि २००१ साली सर्वांना मुक्तपणे उपलब्ध झाले. नाना प्रकारचे संकेत उलगडण्याची सामग्री ते स्वतःबरोबरच बाळगते.

चौथा प्रश्न: उलगडण्याइतकी शक्ती व वेग यंत्रात आहे काय? ३८४० गुणिले २१६० बिंदूंच्या चित्रात आधी सांगितलेल्या मापाच्या चौपट बिंदू असतात. जुन्या संगणकाला ते वेळेत उलगडता येत नाहीत आणि चित्र अडखळते. फाईल मंद पेनड्राइव्हवरून न लावता संगणकाच्या अंतर्गत साठवणीत उतरवून लावावी. संगणकातील चित्र-विभागाकडून उलगडण्याचे काम करून घेण्याची सोय चालू नसेल तर चालू करावी. आणि ती चालू असताना हिरवे पट्टे दिसत असतील, तर बंद करून पाहावी. एवढ्याने भागले नाही, तर लहान मापाची वेगळी नक्कल तयार करावी.

दोन उपायांतील भेद

यंत्राला वाचता येईल अशी नक्कल करण्याचे दोन मार्ग आहेत आणि त्यांतील भेद जाणणे अगत्याचे आहे. एक मार्ग पेटी बदलण्याचा. आतील प्रवाह जसेच्या तसे उचलून दुसऱ्या घडणीच्या पेटीत ठेवावयाचे. संचाला एमकेव्ही पेटी उघडता येत नाही, पण आतील एच.२६४ वाचता येते, अशा वेळी हा मार्ग पुरतो. त्यास थोडाच वेळ लागतो आणि चित्राचा एक कणही कमी होत नाही.

दुसरा मार्ग संकेत बदलण्याचा. प्रवाह पूर्ण उलगडून तो नव्या पद्धतीने पुन्हा लिहावयाचा. ह्याला वेळ लागतो आणि प्रत्येक वेळी थोडे बारकावे गळतात. नकलेची नक्कल, तिची पुन्हा नक्कल असे करीत गेल्यास ज्योतींचे ठिपके होतात. दोन्ही कामे एफएफएमपेग ह्या २००० साली सुरू झालेल्या मुक्त साधनाने होतात. हँडब्रेकसारखी साधने दुसरे काम सोप्या रीतीने करून देतात. चित्रांची अनियमित संख्या नियमित करून ध्वनीशी मेळ साधण्याची सोयही त्यांत आहे. पहिल्या मार्गाने काम होत असेल, तर दुसऱ्याकडे वळू नये.

मराठी उपशीर्षकांच्या जागी चौकोन किंवा अर्थहीन चिन्हे दिसली, तर दोष चित्रफितीचा नसतो. उपशीर्षकांची स्वतंत्र फाईल यूटीएफ-८ ह्या पद्धतीने जतन करावी, तिला चित्रफितीचेच नाव द्यावे आणि साधनात देवनागरी अक्षरे असलेला टंक निवडावा.

सर्वांत गंभीर दोष सूची हरवण्याचा. फोनवर चित्रण चालू असताना चित्रे व ध्वनी फाईलमध्ये सतत भरले जातात. परंतु एमपी४ पेटीतील सूची बहुधा चित्रण थांबवल्यावर अखेरीस लिहिली जाते. त्याआधीच फोनची वीज संपली, तर फाईल आकाराने भरलेली, पण उघडता न येणारी अशी उरते. पाने आहेत, पण पानांवर आकडे नाहीत आणि अनुक्रमणिकाही नाही, अशा सुट्या ग्रंथासारखी तिची स्थिती होते. तरी आशा सोडण्याचे कारण नाही. त्याच फोनने, त्याच मांडणीत काढलेली दुसरी निकोप चित्रफीत हाती असेल, तर तिच्यावरून पानांची रचना ताडून सूची पुन्हा बांधता येते. अनट्रंक नावाचे मुक्त साधन हेच काम करते. एव्हीआय पेटीची सूची मोडली असेल, तर व्हीएलसी ती तात्पुरती बांधून चित्रफीत दाखवू शकते. मात्र फाईल पुसून टाकलेली असेल, तर ह्यांतील एकाही साधनाचा उपयोग नाही.

मूळ प्रत

न चालणारी वस्तू जपून ठेवण्याचे मोल किती, ह्याची साक्ष चित्रपटांच्या इतिहासात आहे. सत्यजित राय ह्यांच्या 'अपराजितो' ह्या चित्रपटाचे चित्रण काशीच्या घाटांवर झाले आणि तो १९५६ साली प्रदर्शित झाला. १९९३ साली लंडनमधील एका प्रयोगशाळेला आग लागली आणि तेथे असलेल्या अपू-त्रयीच्या मूळ निगेटिव्ह फिती होरपळल्या. त्या कोणत्याही यंत्रावर चढवण्याजोग्या उरल्या नाहीत. तथापि अमेरिकेतील अकादमीच्या चित्रपट-संग्रहालयाने त्या फेकल्या नाहीत. सुमारे वीस वर्षांनी तंत्र पुढे गेले. इटलीतील बोलोन्या येथे तज्ज्ञांनी जळक्या फितींतील वाचलेला भाग हाताने सांधला, जेथे तो नव्हता तेथे इतर चांगल्या प्रतींचा आधार घेतला आणि २०१५ साली ही त्रयी पुन्हा पडद्यावर आली. त्याच्या उलट, दादासाहेब फाळके ह्यांचा १९१३ सालचा 'राजा हरिश्चंद्र' आज पूर्ण स्वरूपात उपलब्ध नाही. असे चित्रपट जपण्यासाठी पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले ते १९६४ साली. तोवर मूकपटांच्या काळातील पुष्कळसा ठेवा नष्ट झाला होता.

घरातील व ग्रंथालयातील चित्रफितींनाही हाच नियम लागू आहे. फोनने लिहिलेली पहिली फाईल ही मूळ प्रत होय. तिच्यावर कोणताही प्रयोग करू नये. सर्व उपाय नकलेवर करावेत. संदेश पाठवण्याच्या अनेक सोयी चित्रफीत पाठवताना तिचे माप व बिट आपण होऊन कमी करतात, म्हणून तशा मार्गाने आलेल्या प्रतीला मूळ समजू नये. मूळ प्रत निदान दोन वेगळ्या साठवणींत, आणि शक्य तर दोन वेगळ्या ठिकाणी ठेवावी. फाईलच्या नावात दिनांक, स्थळ आणि दिसणाऱ्या व्यक्तींची नावे लिहावीत. कारण पेटीतील सूची चित्रांचा क्रम सांगते, माणसांची ओळख सांगत नाही.

आज न उघडणारी चित्रफीत उद्याच्या साधनाने उघडू शकते. वडीलधाऱ्यांचा आवाज ज्या चित्रफितीत असेल, ती पुसण्यापूर्वी हे चार प्रश्न विचारून पाहावेत, आणि चौघांचीही उत्तरे प्रतिकूल आली तरी ती जपून ठेवावी.